पीनट बटर, चॉकलेट आणि गोव्याची दमट हवा

भाजलेले शेंगदाणे मिक्सरमध्ये फिरवले की आधी आपलं नेहमीचं कूट होतं. बहुतेक जण इथंच थांबतात, कारण खिचडीला आणि कोशिंबिरीला तेवढंच लागतं. पण भांड्याच्या कडा खरवडत आणखी थोडा वेळ नेट धरला, तर कुटाचा गोळा होतो, गोळा सैलावतो आणि बघता बघता सगळं पातळ, चकचकीत होऊन पात्याभोवती गरगरायला लागतं. बाहेरून तेलाचा थेंबही घातलेला नसतो. शेंगदाण्याच्या वजनात जवळपास निम्मं तेलच असतं. ते दाण्याच्या पेशींमध्ये, प्रथिनांच्या पातळ आवरणात, अतिसूक्ष्म थेंबांच्या रूपात कोंडलेलं असतं. पाती पेशी फोडतात, घर्षणाची ऊब तेलाला सैल करते आणि उरलेले प्रथिनांचे, पिठूळ कण त्या तेलात तरंगू लागतात.

चॉकलेटही याच जातीचं. त्यात कोकोचे आणि साखरेचे कोरडे कण असतात, चांगल्या चॉकलेटात २० ते ३० मायक्रॉनपर्यंत दळलेले, म्हणजे जिभेला न जाणवणारे. भोवती कोको बटरची चरबी. पाणी दोघांतही जेमतेम टक्काभर. त्यामुळे या दोघांचा केक करायचा म्हणजे पाण्याशी हाडवैर असलेल्या दोन पदार्थांना दही, दूध आणि अंड्यांच्या पाणथळ मिश्रणात नांदवायचं. कृतीत साखर किती आणि मैदा किती यापेक्षा हे नांदवणं मला जास्त महत्त्वाचं वाटतं, आणि गोव्यात तर हवेतच पाणी असतं.

एक प्रयोग करून बघा. वाटीत दोन चमचे पीनट बटर घ्या आणि त्यात अर्धा चमचा पाणी घालून ढवळा. पातळ व्हायचं सोडून ते घट्ट होतं, कोरडं पडतं, चमच्याला लोळागोळा होऊन चिकटतं. पाणी तेलात मिसळत नाही, ते थेट कणांना जाऊन भिडतं. ओले झालेले कण एकमेकांना चिकटून त्यांचं जाळं तयार होतं आणि तेल बाजूला पडतं. चॉकलेट वितळवताना झाकणावरच्या वाफेचा थेंब भांड्यात पडला की ते अचानक रवाळ होऊन आखडतं, तेही याच कारणानं. तिथं साखरेचे कण ओले होऊन गोंद बनतात.

आता त्याच वाटीत पाणी घालत राहा. एका टप्प्यावर सगळं पुन्हा सैल होतं, रंग फिकट होतो आणि मऊसर सॉस तयार होतो. आता पाणी बाहेर आणि तेलाचे थेंब आत, अशी सगळी रचनाच उलटलेली असते. म्हणून चॉकलेट आखडलं की ते टाकून देणाऱ्यांची मला हळहळ वाटते. त्यात गरम दूध किंवा क्रीम घालत ढवळलं तर त्याचंच गनाश होतं. घात होतो तो थोडक्या पाण्यानं, भरपूर पाण्यानं नव्हे.

केकच्या मिश्रणात पदार्थ कोणत्या क्रमानं घालायचे हे यावरूनच ठरतं. पीनट बटर आधी तेल, साखर आणि अंड्यांबरोबर घोटून घ्यायचं. अंड्याच्या पिवळ्या बलकातलं लेसिथिन तेल आणि पाणी दोघांनाही धरून ठेवतं. मग साध्या तापमानाचं दही एकदमच ओतायचं, चमच्याचमच्यानं नाही. सोमवार किंवा श्रावण असला आणि अंडं बाद असलं, तर दही थोडं वाढवून केक निभावतो. शेंगदाण्याची प्रथिनं काही अंशी अंड्याचं काम करतात, पण पूर्ण जागा घेत नाहीत. बिनअंड्याचा केक कापताना थोडा भुसभुशीत निघतो, हे मान्य करूनच करावा.

आठ इंची, म्हणजे २० सेंटिमीटरच्या भांड्याला मैदा १५० ग्रॅम, कोको ४० ग्रॅम, साखर २०० ग्रॅम, पीनट बटर १०० ग्रॅम, तेल ८० मिलिलिटर, दही १५० ग्रॅम, दोन अंडी, गरम पाणी १५० मिलिलिटर, पाऊण छोटा चमचा खाण्याचा सोडा, अर्धा चमचा बेकिंग पावडर आणि अर्धा चमचा मीठ, एवढ्यात काम भागतं. मिश्रण घावनाच्या पिठाइतकं पातळ दिसतं. घाबरून मैदा वाढवू नका.

या यादीत लोणी नाही. थंड देशांतल्या कृतींमध्ये लोणी आणि साखर फेसायला सांगतात. साखरेचे स्फटिक लोण्यात हवेचे बारीक बुडबुडे कोंबतात आणि पुढं भट्टीत तेच फुगतात. पण हवा धरून ठेवायला लोणी १८ ते २० अंश सेल्सिअसच्या आसपास, निम्मं घट्ट असावं लागतं. एप्रिल-मे महिन्यात फोंड्याच्या किंवा डिचोलीच्या स्वयंपाकघरात ते वाटीतच वितळायला लागतं. कितीही फेटा, हवा टिकत नाही. तेल आणि सोडा ही जोडी अशा उकाड्याला पुरून उरते.

सोड्याला आम्ल लागतं. ते दह्यातून मिळतं आणि कोको नैसर्गिक असेल तर त्यातूनही. पण बाजारातला बराचसा कोको अल्कलीनं धुतलेला असतो. ही रीत १९ व्या शतकातली, डच व्हान हाउटेन घराण्याची. तिनं कोकोचा रंग गडद होतो आणि आंबटपणा जातो. डब्यावर ५०० किंवा ५०१ क्रमांकाचा आम्लता नियामक लिहिलेला दिसला, की तो कोको सोड्याला मदत करणार नाही असं समजावं. मग दही हवंच, आणि ते आंबट असेल तर उत्तम. आम्लाशिवाय उरलेला सोडा तापून सोडियम कार्बोनेट बनतो आणि केकला साबणासारखी चव येते. कोको मात्र गरम पाण्यात कालवून मगच घालावा. त्याच्या कणांवर चरबीचा थर असतो, थंड पाण्यात ते गुठळ्या करून बसतात.

आता चवीचं. तुमची भट्टी १८० अंशांवर असली तरी केकच्या आतला भाग १०० अंशांच्या वर जात नाही, कारण पाणी असेपर्यंत उष्णता त्याची वाफ करण्यातच खर्च होते. भाजल्याचा खमंग वास ज्या प्रक्रियेतून येतो ती, म्हणजे साखर आणि अमिनो आम्लांची अभिक्रिया, फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लुई-कामिय मायार यांनी १९१२ मध्ये मांडली. ती याहून बऱ्याच जास्त तापमानाला जोर धरते. म्हणून केकची कड आणि वरचा पापुद्रा तेवढा खमंग होतो. आत जो खमंगपणा हवा तो आधीच भाजून आणावा लागतो. शेंगदाणा आणि कोको दोन्ही भाजलेले असतात आणि दोघांच्या वासात पायराझिन नावाच्या रसायनांचं कुटुंब सामायिक आहे. दोघं एकमेकांना इतके का मानवतात, याचं बरंचसं उत्तर त्यात आहे. उरलेलं काम मीठ करतं. मिठातला सोडियम जिभेवरचा कडवटपणा दाबतो, त्यामुळे केकचा गोडवा पुढं येतो.

त्याच १०० अंशांची दुसरी, कमी गोड बाजू आहे. १९६० मध्ये इंग्लंडमध्ये लाखाहून अधिक टर्की पक्षी अचानक मेले. शोध घेता घेता संशय ब्राझीलहून आलेल्या शेंगदाण्याच्या पेंडीवर आला. ॲस्परजिलस फ्लेव्हस या बुरशीनं त्यात विष तयार केलं होतं. तेच अफ्लाटॉक्सिन. यकृताला ते घातक आहे आणि केकच्या आतल्या उष्णतेला ते दाद देत नाही. ही बुरशी ऊब आणि ओल शोधते, आणि आपल्या जुलैमध्ये दोन्ही फुकट मिळतात. तेव्हा सुरकुतलेले, काळपट, कडू लागणारे दाणे भाजायच्या आधीच निवडून फेकावेत आणि पावसाळ्यात दाणे हवाबंद डब्यात ठेवावेत.

पंचवीस-तीस पाहुण्यांचा बेत असला की प्रत्येकाला एक मोठा, उंच केक हवा असतो. इथं गणित आडवं येतं. २० सेंटिमीटरच्या भांड्याऐवजी ३० सेंटिमीटरचं घेतलं, तर क्षेत्रफळ दीडपट नाही, सव्वादोन पट होतं. साहित्यही तेवढंच वाढवायचं. उंची मात्र वाढवू नये. उष्णता आत झिरपायला लागणारा वेळ जाडीच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, म्हणजे जाडी दुप्पट तर वेळ जवळजवळ चौपट. तोवर कडा करपतात आणि मध्ये कच्चं राहतं. बेबिंका हा गोव्याचा थराथरांचा गोड पदार्थ करणाऱ्या बायांनी हा प्रश्न केव्हाच सोडवलाय. पातळ थर ओतायचा, वरून निखाऱ्यांची धग द्यायची, तो शिजला की पुढचा. आपल्याला तेवढा धीर नसतो, म्हणून दोन-तीन बेताचे केक भाजून ते एकावर एक रचावेत.

रचताना थरांमध्ये काय आणि बाहेर काय? कोको बटरचे सहा प्रकारचे स्फटिक असतात. त्यांतला पाचवा चकचकीत, कटकन मोडणारा, सुमारे ३४ अंशांना वितळणारा. मे महिन्यात पणजीत दुपारचा पारा ३३ च्या आसपास असतो, म्हणजे चॉकलेट काठावरच उभं. त्यात पीनट बटर मिसळलं तर शेंगदाण्याचं द्रव तेल कोको बटरमध्ये विरघळून वितळणबिंदू आणखी खाली ओढतं. अंगणातल्या मांडवात दोघांचं एकत्र आयसिंग केकवरून घसरतं ते यामुळेच. माझं मत असं, की पीनट बटर मधल्या थरात कोंडावं आणि बाहेरून दोन भाग डार्क चॉकलेट व एक भाग क्रीम असं घट्ट गनाश लावावं.

क्रीम असल्यामुळे केक आधी करून ठेवायचा तर फ्रिज टाळता येत नाही. फ्रिजमध्ये मैद्यातला स्टार्च पुन्हा स्फटिकरूप घेतो आणि केक लवकर शिळा लागतो, पण तेलाच्या केकला ते कमी जाणवतं. खरी फजिती बाहेर काढल्यावर होते. थंड गनाशवर दमट हवेतलं बाष्प थेंब धरतं. त्यामुळे केक बंद डब्यासकट बाहेर काढून ठेवावा आणि थंडावा गेल्यावरच झाकण उघडावं. दव डब्याच्या बाहेर जमतं, केकवर नाही. सजावटीच्या चॉकलेटच्या तुकड्यांवर पांढुरकी झाक आली, तर ओल्यानं विरघळलेली साखर पुन्हा जमलेली असते किंवा कोको बटर वर आलेलं असतं. बोट फिरवा. खरखरीत लागलं तर साखर, उबेनं नाहीसं झालं तर चरबी. खायला दोन्ही चालतात.

पाहुण्यांमध्ये कुणाला शेंगदाण्याची ॲलर्जी असेल तर मात्र काहीच चालत नाही. दूध आणि अंड्याची ॲलर्जी असलेल्या काही मुलांना ते पदार्थ केकमध्ये भाजलेले सोसतात. शेंगदाण्याची प्रथिनं उष्णतेला दाद देत नाहीत, उलट भाजल्यानं त्यांचा त्रास वाढू शकतो. आणि कोकोच्या गडद रंगात शेंगदाणा डोळ्यांना दिसतही नाही. तेव्हा केकशेजारी मोठ्या अक्षरांत चिठ्ठी ठेवा, त्याची सुरी वेगळी ठेवा, आणि मुलांच्या आयांना ताटल्या वाढायच्या आधीच सांगा.