गेम लागतो, आवाज लागत नाही: २५५६५ आणि २४४५४ यांतला फरक

माइनक्राफ्टच्या मॉडेड (म्हणजे मॉड नावाच्या जोडण्या बसवलेल्या) सर्व्हरवर सिंपल व्हॉइस चॅट हा खेळता खेळता बोलण्याचा मॉड टाकला की पहिल्याच संध्याकाळी एक ठरलेली तक्रार येते. सगळे आत आलेत, ब्लॉक फुटतायत, चॅटमध्ये लिहिता येतंय, पण कुणालाच कुणाचा आवाज येत नाही. मग हेडफोन काढून घातले जातात, मॉड पुन्हा टाकला जातो, कुणीतरी माइक बदलतो. बहुतेक वेळा माइकचा दोष नसतोच. गेम एका वाटेने येतो आणि आवाज दुसऱ्या वाटेने. पहिली वाट उघडी दिसली म्हणून दुसरीही उघडी असेल, असं आपण धरून चालतो आणि तिथेच गाडं अडतं.

ठाणे स्टेशनातून रोज जाणाऱ्याला हे लगेच कळेल. स्टेशन एकच, पण वाशी-पनवेलच्या ट्रान्स-हार्बर गाड्या ९ आणि १० नंबरच्या बाजूला लागतात. मेन लाइनच्या फलाटावर कितीही वेळ उभं राहिलं तरी तिथे वाशीची गाडी येणार नाही. सर्व्हरचा आयपी पत्ता म्हणजे स्टेशन आणि पोर्ट म्हणजे फलाटाचा नंबर. गेमचा फलाट टीसीपी २५५६५, आवाजाचा यूडीपी २४४५४.

इथे आकडे वेगळे आहेत एवढंच लक्षात ठेवून भागत नाही. टीसीपी आणि यूडीपी हे माहिती नेण्याचे दोन निराळे प्रोटोकॉल, म्हणजे नियमांचे संच, आहेत आणि प्रत्येकाचे पोर्ट स्वतंत्र मोजले जातात. टीसीपी २५५६५ उघडा आणि यूडीपी २५५६५ बंद, असं सहज असू शकतं. राउटरच्या फॉर्ममध्ये २४४५४ हा आकडा बरोबर भरला, पण शेजारच्या खान्यात टीसीपी तसंच राहू दिलं, तर आवाजाच्या दृष्टीने काहीच केलेलं नाही. सगळ्यात जास्त वेळा सापडणारी चूक हीच.

आवाजाला टीसीपी का चालत नाही? टीसीपी माहितीचं प्रत्येक पाकीट पोचल्याची खात्री करतो. एखादं हरवलं तर ते पुन्हा मागवतो आणि तोवर मागची सगळी थांबवून ठेवतो. चेस्टमधून हिरा काढला की नाही, यासाठी तशी खात्री हवीच. आवाजाचं तसं नाही. सिंपल व्हॉइस चॅट आवाज आकसून पाठवण्यासाठी ओपस कोडेक वापरतं आणि आवाजाचे २० मिलिसेकंदांचे तुकडे करून पाठवतं, म्हणजे बोलणाऱ्या एका माणसाची सेकंदाला ५० पाकिटं. त्यातलं एक हरवलं तर कानाला जेमतेम जाणवतं. त्या एकासाठी पुढची थांबली तर मात्र बोलणं अडखळत, उशिरा येतं. म्हणून आवाज यूडीपीवरून जातो: हरवलं ते हरवलं, पुढचं घ्या.

आता दोन्ही वाटांचा एकमेकींशी संबंध कुठे येतो ते पाहू, कारण सगळा घोळ त्या सांध्यावर होतो. खेळाडू आत येतो तेव्हा सर्व्हर गेमच्याच टीसीपी जोडणीवरून त्याच्या मॉडला तीन गोष्टी कळवतो: आवाजाचा पोर्ट कोणता, गुप्त किल्ली कोणती आणि व्हॉइस होस्ट भरलेला असेल तर तो पत्ता. ही माहिती घेऊन खेळाडूचा मॉड यूडीपीने त्या पोर्टावर हाक मारतो. उत्तर आलं तर जोडणी झाली. नाही आलं तर स्क्रीनच्या खालच्या डाव्या कोपऱ्यात तुटलेल्या प्लगचं चिन्ह राहतं. ते चिन्ह दिसलं की माइकला हात लावू नका. आवाजाची वाट बंद आहे, एवढाच त्याचा अर्थ.

घरच्या पीसीवर सर्व्हर असेल तर या वाटेवर तीन दारं असतात. समजा पीसी घोडबंदर रोडवरच्या एका फ्लॅटमध्ये आहे आणि खेळणारे ऐरोली, नेरूळ, खारघरला.

पहिलं दार विंडोजच्या फायरवॉलचं. जावा पहिल्यांदा चालू होताना जी परवानगीची खिडकी येते, तिथे होकार दिला तर त्या जावासाठी टीसीपी आणि यूडीपी दोन्ही उघडतात. ती परवानगी नसताना हाताने फक्त टीसीपी २५५६५ चा नियम घातला, तर गेम लागतो आणि आवाज अडतो. ती खिडकी घाईत बंद केली असेल, तर विंडोज जावाला अडवणारे नियम घालतो; ते आधी काढा. इनबाउंड (बाहेरून आत येणाऱ्यांच्या) नियमांत यूडीपी २४४५४ वेगळा घाला. जावाची आवृत्ती बदलली तर फाइलचा मार्ग बदलतो आणि जुनी परवानगी नव्या जावाला लागू होत नाही, हेही ध्यानात असू द्या.

दुसरं दार राउटरचं. पोर्ट फॉरवर्डिंगमध्ये, म्हणजे बाहेरून आलेली हाक घरातल्या ठरावीक पीसीकडे पाठवण्याच्या सेटिंगमध्ये, दोन ओळी हव्यात: टीसीपी २५५६५ आणि यूडीपी २४४५४, दोन्ही त्याच पीसीच्या घरातल्या पत्त्यावर, उदाहरणार्थ १९२.१६८.१.५. हा पत्ता राउटरमध्ये त्या पीसीसाठी राखून ठेवा, नाहीतर लाइट जाऊन आली की पीसीला दुसराच पत्ता मिळू शकतो. खेळायला येणाऱ्यांनी आपापल्या राउटरवर काहीही उघडायचं नसतं. त्यांची हाक आतून बाहेर जाते आणि राउटर तिचं उत्तर परत येऊ देतो. मॉड दर सेकंदाला एक छोटं पाकीट पाठवून ती वाट जागी ठेवतो.

तिसरं दार इंटरनेट देणाऱ्याचं, आणि ते आपल्या हातात नसतं. फायबरच्या कित्येक घरगुती जोडण्यांवर अनेक घरांना मिळून एकच सार्वजनिक आयपी दिलेला असतो. याला सीजीनॅट म्हणतात. ओळखायचं असं: राउटरच्या स्टेटस पानावरचा वॅन आयपी (राउटरचा बाहेरच्या बाजूचा पत्ता) पाहा आणि ‘माझा आयपी काय’ सांगणाऱ्या एखाद्या संकेतस्थळावरचा पाहा. दोन्ही वेगळे निघाले, किंवा वॅन आयपी १००.६४ ते १००.१२७ च्या पट्ट्यात असला, तर फॉरवर्डिंग कितीही अचूक केलं तरी बाहेरून काही आत येणार नाही. मात्र इथे गेमही लागत नाही. फक्त आवाजच अडत असेल आणि गेम थेट घरच्या आयपीवर लागत असेल, तर सीजीनॅटला दोष देऊ नका.

सीजीनॅटवर उपाय म्हणून लोक टनेल, म्हणजे बाहेरच्या एका सर्व्हरमार्फत घरापर्यंत वाट काढून देणारी सेवा, वापरतात आणि मूळ गोंधळ तिथे नव्या रूपात परत येतो. एनग्रोक टीसीपी नेतो, यूडीपी नेत नाही, म्हणून त्यावर गेम उत्तम चालतो आणि आवाज कधीच लागत नाही. प्लेइट दोन्ही नेतो, पण त्यासाठी दोन टनेल करावे लागतात: एक गेमचा, एक यूडीपीचा, ज्याचा आतला पोर्ट २४४५४. दुसऱ्या टनेलला बाहेरचा पत्ता आणि पोर्ट वेगळाच मिळतो, आणि तो खेळाडूंच्या मॉडला कुणीतरी सांगायला हवा. टेलस्केल किंवा झीरोटियरसारखं खासगी जाळं घेतलं तर दोन्ही प्रकार एकाच पत्त्यावर जातात आणि हा प्रश्नच उरत नाही. प्रत्येक खेळाडूला ते सॉफ्टवेअर टाकावं लागतं, एवढीच अडचण. पाच-सहा ओळखीच्या जणांचा गट असेल तर आमची पसंती यालाच.

टनेलचा पत्ता सांगण्याची जागा म्हणजे व्हॉइस होस्ट ही सेटिंग. ती व्हॉइसचॅट-सर्व्हर नावाच्या प्रॉपर्टीज फाइलमध्ये असते. फॅब्रिक, फोर्ज, निओफोर्ज या मॉड चालवणाऱ्या प्रणालींवर कॉन्फिग फोल्डरच्या आत व्हॉइसचॅट फोल्डरमध्ये, पेपर या प्लगिन चालवणाऱ्या सर्व्हरवर प्लगिन्सच्या आत. ती मुळात रिकामी असते. रिकामी असली की खेळाडू ज्या पत्त्यावरून गेममध्ये आला, त्याच पत्त्यावर मॉड आवाजाची हाक मारतो. साध्या पोर्ट फॉरवर्डिंगला हेच योग्य आहे, तेव्हा तिथे ती रिकामीच राहू द्या. टनेल असेल तर तिथे यूडीपी टनेलचा पत्ता, कोलन (:) आणि पोर्ट लिहायचा.

या एका ओळीत भरलेला चुकीचा पत्ता तीन वेगवेगळी लक्षणं दाखवतो. तिथे १९२.१६८ ने सुरू होणारा पत्ता लिहिला, तर घरातल्या वायफायवर असणाऱ्यांना आवाज येतो आणि नेरूळवाल्याला येत नाही, कारण त्याचा मॉड तो पत्ता त्याच्याच घरात शोधतो. तिथे सार्वजनिक आयपी लिहिला, तर उलटं होऊ शकतं: बाहेरचे छान बोलतात आणि सर्व्हरच्या शेजारी बसलेला मुका, कारण घरातून बाहेर जाऊन पुन्हा आत यायची वाट काही राउटर देतच नाहीत. तिसरं लक्षण फसवं. आज सगळं चालतं आणि उद्या आवाज गायब. राउटर रीस्टार्ट झाला, नवा सार्वजनिक आयपी मिळाला, डायनॅमिक डीएनएसने (बदलत्या आयपीसाठी एकच नाव देणाऱ्या सेवेने) गेमचं नाव नव्या पत्त्याकडे वळवलं, म्हणून गेम लागला. व्हॉइस होस्टमध्ये मात्र कालचा आकडा तसाच आहे. काही भरायचंच असेल तर आकड्यांऐवजी डायनॅमिक डीएनएसचं नाव भरा.

आता तो मोह, जो जवळजवळ प्रत्येकाला होतो: दोन्हींना एकच पोर्ट दिला तर? सिंपल व्हॉइस चॅटमध्ये पोर्टाच्या जागी उणे १ लिहिलं की ते गेमचाच आकडा घेतं. प्लाझ्मो व्हॉइस हा बोलण्याचा दुसरा मॉड तर मुळातच तसं वागतो. त्याच्या सेटिंगमध्ये पोर्ट ० असतो आणि त्याचा अर्थ ‘गेमचाच आकडा, पण यूडीपीवर’. राउटरवर ‘टीसीपी आणि यूडीपी दोन्ही’ निवडलं की हे एका ओळीत भागतं. खाचखळगा असा की माइनक्राफ्टची क्वेरी सेवाही (सर्व्हरची माहिती बाहेर सांगणारी) यूडीपी वापरते आणि तिचा ठरलेला पोर्ट २५५६५ च आहे. सर्व्हर प्रॉपर्टीजमध्ये क्वेरी चालू असेल तर दोघी एकाच पोर्टावर हक्क सांगतात. आधी क्वेरी बंद करा किंवा तिला दुसरा आकडा द्या. सिंपल व्हॉइस चॅटसाठी आमचं मत स्पष्ट आहे: पोर्ट वेगळाच ठेवा. पुढे बिघाड शोधताना कोण कुठे अडलं ते लगेच कळतं.

हे दोन मॉड एकमेकांशी बोलत नाहीत, हेही जाता जाता सांगायला हवं. सर्व्हरवर प्लाझ्मो आणि खेळाडूकडे सिंपल, असं असेल तर कुठलाही पोर्ट उघडून उपयोग नाही. उलट सर्व्हरवर सिंपलचं पेपर प्लगिन आणि खेळाडूकडे फॅब्रिकचा मॉड, हे मात्र बरोबर जुळतं.

भाड्याच्या होस्टिंगवर २४४५४ बहुधा मिळत नाही. पॅनेलमधून एक जादा पोर्ट घ्या आणि तो आकडा पोर्टाच्या ओळीत लिहा. क्लाउडवरच्या मशीनला दोन फायरवॉल असतात, एक क्लाउडच्या नेटवर्कची आणि एक मशीनमधल्या लिनक्सची. यूडीपी दोन्हीकडे उघडावा लागतो. सर्व्हर डॉकरच्या कंटेनरमध्ये चालवत असाल आणि पोर्टाच्या आकड्यानंतर तिरकी रेघ देऊन यूडीपी लिहिलं नाही, तर तो टीसीपीच समजतो. व्हेलॉसिटीसारख्या प्रॉक्सीमागे (खेळाडूंना वेगवेगळ्या सर्व्हरकडे पाठवणाऱ्या मध्यस्थामागे) अनेक सर्व्हर असतील तर सिंपल व्हॉइस चॅटचं प्रॉक्सीसाठीचं प्लगिन टाका. ते एकच यूडीपी पोर्ट घेऊन आवाज योग्य सर्व्हरकडे वळवतं.

पडताळणीही दोन्हींची वेगळी. पोर्ट उघडा आहे का सांगणारी बहुतेक संकेतस्थळं टीसीपीच तपासतात. तिथे २४४५४ ‘बंद’ दिसला म्हणून घाबरू नका आणि २५५६५ ‘उघडा’ दिसला म्हणून निश्चिंत होऊ नका. खरी तपासणी सर्व्हरच्या लॉगमध्ये होते. सुरुवातीला व्हॉइस चॅट सर्व्हर चालू झाल्याची ओळ आणि तिच्यात पोर्टाचा आकडा दिसला पाहिजे. पत्ता आधीच वापरात असल्याची तक्रार दिसली तर त्या पोर्टावर दुसरा सर्व्हर बसलेला आहे. नंतर खेळाडू आत आल्यावर त्याची आवाजाची जोडणी झाल्याची ओळ येते. ती येत नसेल तर त्या खेळाडूला लॅपटॉप मोबाइल हॉटस्पॉटवर जोडून पुन्हा आत यायला सांगा. हॉटस्पॉटवर प्लगचं चिन्ह गेलं तर सर्व्हर ठीक आहे आणि अडथळा त्याच्या नेटवर्कचा आहे. कॉलेजच्या किंवा ऑफिसच्या वायफायवर यूडीपी अडवलेला असणं नवं नाही. हॉटस्पॉटवरही चिन्ह राहिलं आणि तीच गत सगळ्यांची असली, तर पुन्हा आपल्या तीन दारांकडे या.

प्लगचं चिन्ह गेलं आणि तरी आवाज नाही, तर मग कारण खेळाडूच्या बाजूला शोधायचं. व्ही दाबून सेटिंग उघडा आणि माइकची चाचणी घ्या. तिथे स्वतःचा आवाज ऐकू येत नसेल तर विंडोजच्या प्रायव्हसी सेटिंगमध्ये डेस्कटॉप अ‍ॅप्सना माइकची परवानगी आहे का पाहा. मॅकवर ही परवानगी लाँचरला मिळालेली असावी लागते. बोलण्यासाठी बटण दाबायचं की आपोआप, हेही तपासा. सिंपलमध्ये बोलण्याचं मूळ बटण कॅप्स लॉक आहे, प्लाझ्मोत डावीकडचं ऑल्ट. ब्लूटूथ हेडफोनचा माइक चालू झाला की ऐकू येणारा आवाजही डब्यातून आल्यासारखा होतो. तो ब्लूटूथच्या कॉल प्रोफाइलचा परिणाम आहे, सर्व्हरचा नाही.

माइक चालतो आणि तरी समोरच्याला ऐकू जात नाही, तर अंतर आणि ग्रुप पाहा. साधा आवाज ४८ ब्लॉकपर्यंतच पोचतो. शिवाय कुणी साध्या ग्रुपमध्ये असेल तर त्याला बाहेरचे ऐकू येतात, पण बाहेरच्यांना तो ऐकू जात नाही. दोघांनी एकाच ग्रुपमध्ये जाऊन बोलून पाहा. ग्रुपमध्ये अंतराची अट नसते. तिथे आवाज नीट आला तर पोर्ट, राउटर आणि माइक तिन्ही ठीक आहेत. ग्रुप सोडा आणि चालत एकमेकांच्या जवळ या.