सोलापुरातला एकटेपणा: जुन्या गिरणीपासून हिंजवडीपर्यंत

शहरी एकटेपणाचा विषय निघाला की मुंबई-पुण्यातले बंद दाराचे फ्लॅट डोळ्यांसमोर येतात. सोलापुरात तो आला कामधंद्याच्या वाटेने.

1860 मध्ये इथे रेल्वे पोचली. 1877 मध्ये, दुष्काळ ऐन भरात असताना, सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग म्हणजे ‘जुनी गिरणी’ सुरू झाली. मग लक्ष्मी, विष्णू, नरसिंग गिरजी या गिरण्या आल्या. मराठी, कन्नड, तेलुगू बोलणारी माणसं पोटासाठी आली. तेलंगणातले पद्मशाली विणकर पूर्व भागात स्थिरावले. गाव सुटलेला माणूस खरं तर तेव्हाच एकटा पडायचा. पण पाळीचा भोंगा, चाळ, युनियन आणि जातपंचायत यांनी त्याला धरून ठेवलं. त्या धरून ठेवण्याचं फार कौतुक करू नये. ‘गुन्हेगार जमाती’ असा शिक्का बसलेल्यांना इंग्रज सरकारने याच शहरात तारेच्या कुंपणाआड, सेटलमेंटमध्ये ठेवलं होतं. सगळ्यांना सामावून घेणारं शहर हे असं कधीच नव्हतं.

जुनी गिरणी 1960च्या दशकात बंद पडली, लक्ष्मी-विष्णू 1990च्या दशकात. यंत्रमाग राहिले, पण ते छोट्या छोट्या शेडमध्ये विखुरलेले, आणि मागाच्या खडखडाटात शेजारच्या कामगाराशी दोन शब्द बोलायचीही सोय नाही. विडी कामगार बायकांचं वेगळं. पान-तंबाखू घरी आणायची, पण वळायला सूप घेऊन बसायचं ते उंबऱ्यावर, चौघींत. 2006 मध्ये सोलापूरजवळच्या कुंभारीला त्यांच्यासाठी दहा हजार घरांची गोदूताई परुळेकर वसाहत झाली. स्वतःच्या नावाचं घर ही मोठीच कमाई, फक्त शेजार नव्याने जमवावा लागला.

आता या घरांतली शिकलेली मुलं पुण्याला जातात. सिद्धेश्वराच्या गड्डा यात्रेला, मार्कंडेयाच्या रथोत्सवाला येतात आणि रविवारी रात्रीची गाडी धरतात. मागे आई-वडील, वरचा मजला कुलूपबंद.

जागतिक आरोग्य संघटनेच्या 2025च्या अहवालानुसार जगात सहांपैकी एकाला एकटेपणा सतावतो, आणि त्यात तरुणांचं प्रमाण अधिक आहे. सोलापुरात मात्र बोललं जातं ते म्हाताऱ्यांबद्दल, विरंगुळा केंद्रांबद्दल. पुण्याजवळच्या हिंजवडीत कॉट बेसिसवर, म्हणजे खोलीतली एक खाट भाड्याने घेऊन, राहणारा त्यांचा मुलगा या हिशेबात येतच नाही.