सायबेरियातील जपानी युद्धकैदी

सायबेरियातील जपानी युद्धकैदी : दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस मांचुरिया (ईशान्य चीन), उत्तर कोरिया, दक्षिण साखालिन व कूरील बेटे येथे शरण आलेल्या जपानी सैनिकांना सोव्हिएट संघाने आपल्या हद्दीत नेले आणि श्रमछावण्यांत ठेवून त्यांच्याकडून सक्तीने काम करून घेतले (१९४५–५६). नाव सायबेरियाचे पडले असले, तरी छावण्या कझाकस्तान, उझबेकिस्तान, युरोपीय रशिया आणि मंगोलियापर्यंत पसरलेल्या होत्या.

जपानीत या घटनेला ‘शिबेरिया योकुर्यू’ म्हणतात. ‘योकुर्यू’ म्हणजे अडकवून ठेवणे. मराठीत जवळचा शब्द स्थानबद्धता. युद्धकैद्यासाठी जपानीत ‘होर्यो’ हा वेगळा शब्द आहे आणि तो टाळण्यामागे कारण होते. जानेवारी १९४१ मधील ‘सेन्जिन्कुन’ या सैनिकी आचारसंहितेने जिवंतपणी कैदी होण्याची अप्रतिष्ठा पत्करू नये, असे बजावले होते. शरणागतीच्या वेळी सम्राटाच्या आज्ञेने शस्त्र खाली ठेवणारा कैदी मानला जाणार नाही, असा खुलासा सैन्याला करण्यात आला. सोव्हिएट कागदपत्रांत मात्र ही माणसे सरळ युद्धकैदी म्हणून नोंदली आहेत. आग्नेय आशियात ब्रिटिशांनीही ‘शरणागत जपानी सैनिक’ असा वेगळा वर्ग पाडला. युद्धकैद्यांचे जिनीव्हा करारातील हक्क त्या वर्गाला द्यावे लागत नव्हते, आणि त्यांतील अनेकांना १९४७ पर्यंत कामाला जुंपण्यात आले. (दिल्लीच्या पुराना किल्ल्यात व राजस्थानातील देवळी येथे ठेवलेले जपानी लोक मुख्यतः मलाया-सिंगापूरकडून आणलेले नागरिक होते, तो विषय निराळा.) हत्यार काढून घेऊन ज्याच्या हाती करवत दिली आणि ज्याच्यावर पहारा बसवला, त्याला युद्धकैदी म्हणणेच रास्त, म्हणून या नोंदीत तोच शब्द वापरला आहे.

उगम : कैद्यांना सोव्हिएट भूमीत नेण्याचा निर्णय केव्हा व का झाला, हा या विषयातील सर्वांत वादग्रस्त मुद्दा. सोव्हिएट संघाने ८ ऑगस्ट १९४५ रोजी युद्ध पुकारले आणि जपानकडे शरणागती मागणाऱ्या पॉट्सडॅम जाहीरनाम्याला मान्यता दिली. निःशस्त्र केलेल्या जपानी सैनिकांना घरी परतू द्यावे, असे त्या जाहीरनाम्याच्या नवव्या कलमात स्पष्ट म्हटले होते. १६ ऑगस्टला मॉस्कोहून सेनापती व्हॅसिलेव्हस्की यांना गेलेल्या तारेतही कैद्यांना सोव्हिएट हद्दीत आणू नये अशी सूचना होती. तरीही २३ ऑगस्टला स्टालिनने राज्य संरक्षण समितीच्या क्र. ९८९८ या आदेशावर सही केली आणि कष्टाच्या कामाला लायक असे ५ लाख कैदी आणण्याचे ठरले.

मधल्या आठवड्यात काय बदलले? एका मतानुसार याचे उत्तर जपानच्या उत्तरेकडील होक्काइदो बेटात आहे. स्टालिनने १६ ऑगस्टला अमेरिकेचे अध्यक्ष ट्रूमन यांच्याकडे त्या बेटाचा उत्तर भाग मागितला, ट्रूमननी नकार दिला, २२ तारखेला स्टालिनने माघार घेतली आणि दुसऱ्याच दिवशी भरपाई म्हणून माणसे नेण्याचा हुकूम निघाला. तारखांची ही जुळणी आकर्षक आहे. पण आदेशाचा मजकूर पाहिला तर ती अपुरी वाटते. बैकल-अमूर रेल्वेमार्गासाठी दीड लाख, कझाकस्तानला ५० हजार, उझबेकिस्तानला २० हजार अशी प्रदेशवार व खातेवार वाटणी त्यात आहे. हजार-हजार माणसांच्या तुकड्या कराव्यात इथपर्यंत तपशील आहे. एवढी तयारी एका रात्रीत होणे अवघड. शिवाय युद्धकैद्यांचे खाते १९३९ पासून चालू होते आणि जर्मन कैदी आधीपासूनच कामावर होते. म्हणून मनुष्यबळाची टंचाई हे मूळ कारण आणि होक्काइदोचा नकार हे फार तर निमित्त, हे मत अधिक ग्राह्य दिसते.

आणखी एक वाद जपानमध्ये अधिक बोचरा ठरला : आपल्याच सरकारने माणसे देऊ केली होती काय? जुलै १९४५ मध्ये माजी पंतप्रधान कोनोए यांच्या मॉस्को भेटीसाठी तयार केलेल्या मसुद्यात नुकसानभरपाई म्हणून काही श्रमबळ देण्यास संमती होती. भेट झालीच नाही. क्वांतुंग सेनेच्या (मांचुरियातील जपानी सैन्याच्या) मुख्यालयाने ऑगस्टअखेर सोव्हिएट सेनापतींना दिलेल्या निवेदनातही सैनिकांच्या श्रमाचा उल्लेख आढळतो. मात्र २३ ऑगस्टचा आदेश त्याच्या आधीचा असल्याने निर्णयाचे मूळ तेथे शोधता येत नाही. गुप्त कराराचा पुरावा पुढे आलेला नाही. श्रमबळ देण्याचा विचार वरिष्ठांच्या मनात होता, हे मात्र सुटलेल्या सैनिकांना विसरता आले नाही.

छावणीतील जीवन : ‘स्कोरो दामोय’, म्हणजे लवकरच घरी, असे सांगून सैनिकांना मालगाड्यांत चढवले गेले. गाडी पूर्वेला समुद्राकडे न जाता पश्चिमेकडे वळली, हे कित्येकांना सूर्यावरून कळले. जंगलतोड, कोळसा खाणी, रेल्वे व बांधकाम ही मुख्य कामे होती. कामाचा ठरलेला कोटा म्हणजे ‘नोर्मा’. तो भरला नाही की भाकरी कमी होई, भाकरी कमी झाली की ताकद जाई आणि दुसऱ्या दिवशी कोटा आणखी लांब राही. आठवणींत दिवसाला साधारण ३५० ग्रॅम काळ्या पावाचा उल्लेख वारंवार येतो. पाव कापताना सारी बराक श्वास रोखून पाहत असे. काठी व दोरीचा तराजू करून तुकडे जोखले जात आणि सांडलेला चुराही वाटणीत धरला जाई. थंडी उणे ३० अंशांखाली उतरे. उपासमार, विषमज्वर व अतिश्रम यांनी सर्वाधिक बळी १९४५-४६ च्या पहिल्या हिवाळ्यात घेतले. जमीन दगडासारखी गोठल्याने प्रेते पुरणेही कठीण झाले होते.

जपान सरकारच्या अंदाजानुसार सुमारे ५,७५,००० जणांना नेण्यात आले व ५५,००० मरण पावले. रशियन दप्तरांनुसार पकडलेल्यांची संख्या सहा लाखांवर व मृतांची ६२ हजारांच्या आसपास आहे. काहींना जागेवरच सोडले, तर आजाऱ्यांना मांचुरिया व उत्तर कोरियाकडे परत पाठवले. त्यामुळे आकडे जुळत नाहीत. जपानी सैन्यातील कोरियन, तसेच परिचारिका म्हणून पकडलेल्या स्त्रिया यांच्याविषयी लेखन थोडे आहे. मंगोलियात १२ ते १४ हजार जण होते. उलानबातरमधील विद्यापीठ व नाट्यगृह यांच्या उभारणीत त्यांचे हात आहेत. ताश्कंदचे नवोई नाट्यगृह (१९४७) पुरे करण्यातही जपानी कैदी होते. १९६६ च्या भूकंपात ते टिकून राहिले.

खाबारोव्हस्क येथून कैद्यांसाठी ‘निहोन शिम्बुन’ हे जपानी वृत्तपत्र निघत असे. त्यातून चालना मिळालेल्या, साम्यवादी विचारांच्या ‘लोकशाही चळवळी’त अधिकाऱ्यांना व नंतर सोबत्यांनाही सर्वांसमोर उभे करून जाब विचारला जाई. या जखमा परतल्यावरही भरल्या नाहीत.

परतीचा प्रवास : डिसेंबर १९४६ मधील अमेरिका-सोव्हिएट करारानंतर सोव्हिएट संघातील नाखोदका बंदरातून जपानमधील माइझुरू बंदराकडे जहाजे नियमित सुटू लागली. एप्रिल १९५० मध्ये परतपाठवणी संपल्याचे सोव्हिएट संघाने जाहीर केले; युद्धगुन्हेगार ठरवलेले मागे राहिले. कोनोए यांचे पुत्र फुमिताका ऑक्टोबर १९५६ मध्ये छावणीतच वारले. त्याच महिन्यात जपान-सोव्हिएट संयुक्त घोषणा झाली आणि अखेरची मोठी तुकडी २६ डिसेंबर १९५६ रोजी माइझुरूला उतरली. घरी आलेल्यांना कम्युनिस्ट म्हणून संशयाने पाहिले गेले व नोकऱ्या नाकारल्या गेल्या.

रशियाचे अध्यक्ष बोरिस येल्त्सिन यांनी १९९३ मध्ये तोक्योत क्षमा मागितली. सुटून आलेल्या कैद्यांचा मजुरीचा दावा जपानच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये फेटाळला. २०१० च्या कायद्याने हयात असलेल्यांना अडीच ते १५ लाख येन मिळाले. तोवर बहुतेक जण गेले होते. माइझुरू येथील संग्रहालयातील ५७० वस्तू व कागदपत्रे २०१५ मध्ये युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत समाविष्ट झाली. त्यांत एका कैद्याने कागदाअभावी भूर्जाच्या सालीवर लिहिलेल्या कविता आहेत. लेखणी डब्याच्या पत्र्याची, शाई काजळीची.