इमारतीवरून पडल्याच्या दुखापतींचे वैद्यकीय कोडिंग

इमारतीच्या गच्चीवरून, सज्जातून किंवा खिडकीतून, पुलाच्या कठड्यावरून, अथवा छपराचा पत्रा फुटून खाली पडलेल्या माणसाच्या दुखापतीची आणि तिच्या कारणाची नोंद ठरावीक संकेतांकांनी करणे, याला या प्रकारचे वैद्यकीय कोडिंग म्हणतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोग वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत, म्हणजे आयसीडी-१० मध्ये, अशा अपघाती पडण्यासाठी ‘डब्ल्यू१३’ हा गट राखलेला आहे. ही आवृत्ती १९९० साली मंजूर झाली आणि १९९४ पासून सदस्य देशांत वापरात येऊ लागली.

दुखापतीच्या प्रत्येक नोंदीत दोन वेगळ्या गोष्टी सांगाव्या लागतात: शरीराला काय झाले आणि ते कशामुळे झाले. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून या दोहोंसाठी स्वतंत्र संकेतांक आहेत. आयसीडी-१० मध्ये दुखापतीचे स्वरूप ‘एस’ आणि ‘टी’ या अक्षरांखाली, तर बाह्य कारण ‘व्ही’ ते ‘वाय’ या अक्षरांखाली येते. समजा, दुमजली घराच्या गच्चीवर पाण्याची टाकी धुताना पाय घसरून एक मजूर खाली अंगणात पडला आणि दोन्ही पायांवर आदळला. अशा पडण्यात टाचेचे हाड मोडते आणि तोच दाब वर चढून कमरेचा मणका चेपतो. ही जोडी अस्थिरोगतज्ज्ञांच्या चांगल्या ओळखीची आहे. टाचेच्या अस्थिभंगाला एस९२.०, कमरेच्या मणक्याला एस३२.० आणि पडण्याला डब्ल्यू१३ असे संकेतांक लागतात. पहिले दोन काढून टाकले तरी अपघात उरतो आणि तिसरा काढला तर नुसती मोडलेली हाडे उरतात, ज्यांवरून गच्चीला कठडा नव्हता हे कोणालाही कधी कळणार नाही.

चौथ्या स्थानावरचा अंक मात्र जपून वाचावा लागतो. संघटनेच्या मूळ आवृत्तीत तो घटनास्थळ दाखवतो: डब्ल्यू१३.० म्हणजे घरी, डब्ल्यू१३.६ म्हणजे औद्योगिक किंवा बांधकामाच्या जागी. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केलेल्या आयसीडी-१०-सीएम या विस्तारित रूपात तोच अंक कुठून पडला ते सांगतो: ० सज्जा, १ पूल, २ छप्पर, ३ मजल्याच्या फरशीतून आरपार, ४ खिडकी. म्हणून वरचा मजूर मूळ पद्धतीत डब्ल्यू१३.० मध्ये जाईल आणि अमेरिकी पद्धतीत डब्ल्यू१३.२ मध्ये. पुणे, नवी मुंबईत बसून अमेरिकी रुग्णालयांचे काम करणाऱ्या कोडरना हा फरक अंगवळणी पाडून घ्यावा लागतो. अमेरिकी रूपात सातवे अक्षरही सक्तीचे आहे, आणि मधल्या रिकाम्या जागा ‘एक्स’ने भरून डब्ल्यू१३.२एक्सएक्सए असा पूर्ण संकेतांक होतो. त्यातील ‘ए’ सक्रिय उपचार चालू असल्याचे दाखवतो, ‘डी’ नंतरच्या तपासण्या आणि ‘एस’ मागे राहिलेले परिणाम. बाह्य कारणाचा संकेतांक यादीत कधीही पहिला लिहीत नाहीत.

शेजारच्या गटांशी गल्लत सहज होते. शिडीवरून पडल्यास डब्ल्यू११, परांचीवरून पडल्यास डब्ल्यू१२, जिन्यावरून पडल्यास डब्ल्यू१०. विहिरीत किंवा खड्ड्यात पडल्यास डब्ल्यू१७. त्यामुळे बांधकामावरचा गवंडी स्लॅबच्या कडेवरून पडला की परांचीवरून, यावर गट बदलतो. इमारतच कोसळली, तर आतल्या माणसांची नोंद डब्ल्यू२० मध्ये होते, मग ती कोणत्याही मजल्यावर असोत. जळत्या इमारतीतून उडी घेणाऱ्याची नोंद आगीच्या, म्हणजे एक्स०० गटात होते.

डब्ल्यू१३ हा अपघाताचा संकेतांक आहे. स्वतः उंचावरून उडी घेतल्यास एक्स८०, कोणी ढकलल्यास वाय०१ आणि हेतू ठरवता आला नसल्यास वाय३०. अमेरिकी नियमांप्रमाणे हेतूबद्दल काहीच लिहिलेले नसेल, तर घटना अपघाती धरतात. हेतू ठरवता येत नाही असे कागदावर स्पष्ट असेल तरच वाय३० वापरतात. कोडरने स्वतः तर्क लढवायचा नसतो, आणि हा नियम योग्यच आहे, कारण तपास हे त्याचे काम नव्हे. रुग्ण दाखल होताना इतिहास लिहिणाऱ्या डॉक्टरच्या दोन ओळींवरच सगळे अवलंबून राहते. केसपेपरवर नुसते ‘पडून मार’ असे असेल, तर कोडरच्या हाती डब्ल्यू१९, म्हणजे तपशील नसलेले पडणे, एवढाच संकेतांक उरतो.

मृत्यू झाल्यास आकडेवारीत मूळ कारण म्हणून बाह्य कारणच धरतात, कवटी फुटणे किंवा रक्तस्राव नव्हे. भारतात रुग्णालयातील मृत्यूचे वैद्यकीय प्रमाणपत्र नमुना ४ वर भरतात. त्यात मृत्यू नैसर्गिक, अपघाती, आत्महत्या, खून की तपासाधीन, याची निवड करावी लागते आणि दुखापत कशी झाली याचीही जागा असते. ही जागा भरताना ‘तिसऱ्या मजल्याच्या खिडकीतून, ग्रील नसल्याने’ असे चार शब्द जास्त लिहायला अर्धा मिनिट लागतो.

अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे. तिने इमारतीचा स्वतंत्र गट न ठेवता उंचीची रेघ ओढली: समपातळीवर किंवा एक मीटरहून कमी उंचीवरून अनवधानाने पडणे पीए६०, एक मीटर किंवा त्याहून जास्त उंचीवरून पडणे पीए६१. कुठून पडला आणि कुठल्या जागी, हे तपशील जोड-संकेतांकांनी मागाहून लावायचे असतात.