डबिंग म्हणजे नुसतं वाचणं नाही हो

"सिनेमात काम मिळेनासं झालं की नट डबिंगला जातो, तिथे काय, नुसतं बघून वाचायचं" हा फॉरवर्ड परवा आमच्या कोथरूडच्या सोसायटी ग्रुपवर परत आला. वाटणं साहजिक आहे, आवाजाचा माणूस दिसतच नाही ना. काही जण काम कमी झालं म्हणून जातातही, पण सगळेच नाही. मुळात पडद्यावरचे नट स्वतःचं डबिंग करतच आलेत, शूटिंगच्या आवाजात गोंगाट आला की स्टुडिओत जाऊन तेच संवाद परत बोलायचे, त्यामुळे हे काम त्यांना अनोळखी नसतं. दुसऱ्याच्या तोंडात मराठी बसवणं मात्र अवघड. प, ब, म म्हणताना ओठ मिटतात, आणि पडद्यावरचे ओठ तेव्हा उघडे दिसले तर शब्दच बदलावा लागतो, वर धाप, हुंदका, घास चावत बोलणं हे सगळं माइकसमोर उभं राहून. पटत नसेल तर डब केलेला एखादा सीन म्यूट करा, स्वतः बोला आणि मोबाइलवर रेकॉर्ड करून जुळवून बघा. मी केलं, दोन वाक्यांना अर्धा तास गेला, चहा पार गार, आणि तरी शेवटचा शब्द ओठांच्या मागेच राहिला.