काडतूस : कागदाच्या पुडीतून आलेला शब्द

निवडणूक जाहीर झाली की गोव्यातले शेतकरी शेतीरक्षणासाठी घेतलेल्या परवान्याच्या बंदुका पोलीस ठाण्यात जमा करतात. अशा वेळी ‘गोळी’ आणि ‘काडतूस’ हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरले जातात. ते एक नव्हेत. गोळी म्हणजे नळीतून सुटणारा शिशाचा तुकडा. ती गोळी किंवा छरे, दारू आणि दारू पेटवणारी टोपी, हे सगळे एकत्र बांधलेली पुडी म्हणजे काडतूस. बार उडाला की मागे उरते ते रिकामे कवच.

‘पुडी’ मी मुद्दाम म्हटले, कारण शब्दाचे मूळच तिथे आहे. इटालियनमध्ये ‘कार्ता’ म्हणजे कागद. त्यावरून कागदाच्या गुंडाळीला ‘कार्तोच्चो’, पुढे फ्रेंचमध्ये ‘कार्तूश’, पोर्तुगीजमध्ये ‘कार्तुशु’. आपले काडतूस या पोर्तुगीज शब्दावरून आले. ‘र’चा ‘ड’ झाला, ‘श’चा ‘स’. चावी, घमेले, पगार, लिलाव ज्या वाटेने आले, त्याच वाटेने हाही आला. म्हणून १५१० ते १९६१ पोर्तुगीज अंमल सोसलेल्या गोव्यात त्याची आठवण ठेवायलाच हवी असे मला वाटते. ‘पिस्तूल’ही त्यांच्याकडचेच. ‘बंदूक’ मात्र अरबी, ‘तोफ’ तुर्की.

सुरुवातीच्या तोड्याच्या, म्हणजे जळती वात लावून उडवायच्या, बंदुकीला काडतूस नव्हतेच. शिंगातून दारू ओतायची, गोळी टाकायची, गजाने ठासायची, मग जळत्या तोड्याने बत्ती द्यायची. लढाईच्या धांदलीत दारू कमीजास्त पडे. म्हणून मापाची दारू आणि गोळी आधीच कागदात गुंडाळून ठेवू लागले. शिपाई दाताने टोक फाडी, दारू नळीत ओती आणि कागदासकट गोळी ठाशी. १८५७ साली एन्फिल्ड बंदुकीच्या ज्या काडतुसांच्या चरबीवरून शिपाई खवळले, ती अशीच कागदी होती. दात लावावा लागे, म्हणून तर धर्म बुडण्याची भीती.

एकोणिसाव्या शतकात पितळी कवच आले, टोपी त्याच्या बुडाशी बसली आणि बंदूक मागून भरता येऊ लागली. दोनाळीच्या काडतुसांतून मात्र कागद लवकर गेला नाही. प्लास्टिक येईपर्यंत, म्हणजे विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत, त्यांचे बूड पितळी आणि वरचे नळकांडे पुठ्ठ्याचे असे. पावसाळ्यात ओल धरली की ते फुगे आणि नळीत शिरत नसे.