सुतक (आशौच)
घरात माणूस गेलं की भावकीला ठराविक दिवस जो विटाळ लागतो ते सुतक. देवपूजा बंद, गोडधोड नाही, शेजारच्या घरून पिठलं-भात येतो, हे सगळ्यांना माहीतच असतं, म्हणून आधी शब्द बघू. संस्कृत 'सूतक' हा 'सू' म्हणजे प्रसवणे या धातूवरून आलेला, त्यामुळे मुळात जन्माचा विटाळ, मनुस्मृतीतही तो बाळंतपणाच्या संदर्भात येतो. मराठीत तो मृत्यूकडे सरकला आणि जन्माकडे 'सोयर' राहिलं, 'सोयरसुतक' हा जोडशब्द त्यातूनच. शास्त्रातलं नाव आशौच, पण 'अशौच' म्हटलं तरी चूक नाही, पाणिनीला (७.३.३०) दोन्ही रूपं चालतात.

दिवस किती यावर मात्र एकमत नाही. मनू (५.८३) ब्राह्मणाला १०, क्षत्रियाला १२, वैश्याला १५ आणि शूद्राला महिना सांगतो, उलट अंगिरसाच्या नावावरचं एक वचन सगळ्या वर्णांना १०च दिवस देतं, आणि महाराष्ट्रातला आजचा दहावा-तेराव्याचा रिवाज बघता हेच वचन व्यवहाराच्या जवळचं वाटतं. मनुस्मृतीचा काळ धर्मशास्त्राचे अभ्यासक पां. वा. काणे साधारण इ.स.पू. २रं ते इ.स. २रं शतक धरतात, काही अभ्यासक थोडा पुढे नेतात. बातमी उशिरा कळली तर १० दिवसांच्या आत उरलेले दिवस, नंतर ३ रात्री, वर्ष उलटल्यावर फक्त अंघोळ, ही सोय परदेशातली मराठी घरंही वापरतात.

समाजशास्त्रात फ्रेंच समाजशास्त्रज्ञ हेर्ट्झ (१९०७) यांच्यापासून मृत्यूनंतरच्या या मधल्या काळावर लिहिलं गेलंय. नंतर सुतकाला जातीच्या शुद्ध-अशुद्ध उतरंडीत बसवायचा कल वाढला, पण वीणा दास (१९७७) यांनी हा विटाळ उतरंडीपेक्षा उंबरठ्यावरच्या, म्हणजे ना इकडच्या ना तिकडच्या, अवस्थेचा आहे असं मांडलं, ते जास्त पटतं, कारण यात वरच्या-खालच्या सगळ्याच जातींचं घर काही दिवस समाजापासून बाजूला होतं.

सुतक मोजतं ते नातं, सेवा नाही. आईचं अंथरुणातलं सगळं केलेली लग्न झालेली लेक, तिला शास्त्राने ३ रात्री, आणि जो कधी फिरकलाही नाही अशा सपिंड (जवळच्या भावकीतल्या) चुलतभावाला पूर्ण १०. हे बोचतं आणि बोचायलाच हवं. पण त्याच शास्त्रात पराशरस्मृती वैद्य, कारागीर, दास-दासी, न्हावी यांना 'सद्यःशौच' म्हणजे तात्काळ मोकळं करते, त्यांचं काम थांबलं तर बाकीच्यांचं अडणार म्हणून असावं, आणि अनाथ ब्राह्मणाचं प्रेत खांदा देऊन नेणाऱ्याला पावलापावलाला यज्ञाचं फळ सांगते.

आता बरीच घरं सुतक ३ किंवा ५ दिवसांवर आणतात आणि मोठी माणसं नाराज होतात. मनूचा पुढचाच श्लोक (५.८४) मात्र विटाळाचे दिवस वाढवू नयेत असं सांगतो.